दारू ओली कोणी केली

मरोळला, परेराच्या घरी, चौथ्या मजल्यावर
दर शुक्रवारी आम्ही गड लढवतो.
आम्ही सात जण. त्यातला एक फितूर.

खेळ पराशरने घरीच केलाय.
भावाचं लग्न मोडलं तेव्हा उरलेल्या पत्रिका कापून
पत्ते पाडले, पाठीला खाकी कागद डकवला.
तरी दिव्यासमोर धरला पत्ता
तर आतून दिसतं 'श्रीकृपेक',
'रून' दुसऱ्या कुणाच्या हातात.

प्रत्येक फेरीला एकेक पत्ता पालथा,
ग्लेनच्या आईच्या स्टीलच्या डब्यात.
कोरडी दारू किंवा ओली.
डबा हलवायचा, उघडायचा.
एक जरी ओली निघाली की बुरूज गेला,
तीन बुरूज गेले की गड.

मग खरा खेळ.
तू शेव खाताखाता थांबलास का?
तू हसलीस का?
बरं, तू का नाही हसलीस?
कान बघा हिचे, सदफ म्हणते, कान.

माझा पत्ता पांढरा आहे. शिबंदी. इमानी.
तीनदा उघडून बघितला.
पण हाताला घाम सुटलाय,
डब्यात पत्ता टाकताना बोटाला चिकटतोय.

दुपारी साडेचारला काचेच्या खोलीत
एक फाइल उघडून दिली मला.
पासवर्ड वेगळ्या मेलने आला.
सोमवारपर्यंत तुमच्यापाशीच ठेवा, म्हणाले.
एकोणीस नावं.
अकरापासून, दर पंधरा मिनिटांना एक.
नववा ओजस.
सतरावी निर्झरा, तिच्या आडनावात एक अक्षर चुकलं होतं,
ते मी दुरुस्त केलं.

दुसरा बुरूज पडला.
सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या.
ही नाही, ओजस म्हणाला,
तीन वर्षं हिच्या शेजारी बसून डबा खातोय,
हिला खोटं जमत नाही.
मग हात बघ ना तिचे, निर्झरा म्हणाली,
आणि माझं मनगट धरून दिव्याखाली आणलं.

शप्पथ, मी नाही.
अख्ख्या दिवसातलं एवढंच वाक्य
मी खरं बोलले.
पाच बोटं माझ्याकडे.

पत्ता उलटला. पांढरा.
अरेरे, कुणीतरी म्हणालं. सॉरी गं.
गडाच्या दाराबाहेर, म्हणजे ग्लेनच्या मोरीपाशी
प्लास्टिकच्या स्टुलावर मला बसवलं,
तिथून तिसरा बुरूज पडताना ऐकला.

निर्झरा सोफ्यावर उभी राहिली, चपलांसकट.
मी! तिन्ही वेळा मी! मीच ओली केली!
टाळ्या. शिट्टी.
आतून ग्लेनच्या आईने विचारलं, कोण जिंकलं रे?
निर्झरा धावत येऊन माझ्या गळ्यात पडली,
तुला कसं विकलं बघ, म्हणाली,
तिच्या केसांना शेवेचा वास.
मीही हसले.
हसायला इतकं सोपं जाईल असं वाटलं नव्हतं.

जिन्यात ओजसने बुटाची नाडी बांधता बांधता सांगितलं,
सोमवारी तू डबा आणू नकोस,
आई वालाचं बिरडं करणारे, दोघांपुरतं देईल.
सव्वाला बसू.
त्याची वेळ एक वाजताची.
बरं, म्हटलं मी. बरं.
दुसरा शब्द जिन्यात कुठे होता.

मरोळ नाक्याला रिक्षा थांबली.
सुटे शोधताना पर्समधून पत्ता निघाला,
पांढरा, घामाने कडेला फुगलेला.
कधी उचलला कुणास ठाऊक.
म्हणजे पुढल्या शुक्रवारी,
जर बसलेच खेळायला,
तर मोजताना एक शिपाई कमी भरेल
आणि पराशर सोफ्याखाली शोधत राहील.

ताई, रिक्षावाला म्हणाला,
हा नाही चालणार. चार रुपये द्या.